बास्केटबॉलपटू, कॅमेरा आणि एक खोटा समज

'बास्केटबॉलपटूंना सिनेमात अभिनय करावाच लागत नाही. ते स्वतः म्हणूनच येतात, उंचीचा आयता फायदा घेतात आणि सुट्टीतला टाइमपास करून मानधन घेऊन जातात,' असा मजकूर सध्या फिरतो आहे. त्यातलं एकही विधान टिकत नाही.

'स्वतः म्हणूनच येतात.' साफ चूक. १९९८च्या 'ही गॉट गेम'मध्ये मिलवॉकी बक्स संघाचा रे ॲलन हा जीझस शटल्सवर्थ नावाचा शाळकरी खेळाडू झाला होता. शेवटच्या बाप-लेकाच्या लढतीत बापाने एकही गुण घ्यायचा नाही, असं पटकथेत होतं. बाप झालेल्या डेन्झेल वॉशिंग्टनने तरीही बास्केट मारले. ॲलनला तो धक्का भूमिकेत राहूनच पचवावा लागला.

'स्वतः म्हणून आलं की अभिनय नसतोच.' 'अनकट जेम्स'मधला केविन गार्नेट बघा. तो २०१६ला निवृत्त झाला. कथा मात्र २०१२च्या प्लेऑफ्समधली, म्हणजे हंगामाअखेरच्या बाद फेऱ्यांमधली. सिनेमात त्याच्या त्या वेळच्या खऱ्या सामन्यांची दृश्यं आहेत, म्हणजे निकाल आधीच ठरलेले. प्रत्येक प्रसंगातली त्याची मनःस्थिती त्या निकालांशी जुळायला हवी होती. हे सोपं काम नव्हे.

'उंची म्हणजे आयता फायदा.' मारामारीत असेलही. बास्केटबॉलपटू करीम अब्दुल-जब्बार ७ फूट २ इंच, ब्रूस ली जेमतेम ५ फूट ८; 'गेम ऑफ डेथ'मधल्या त्यांच्या लढतीची गंमतच त्या फरकात आहे. पण संवादाच्या जवळच्या शॉटमध्ये हाच फरक नडतो. एकाचं डोकं चौकटीबाहेर जातं, नाहीतर दुसरा तळाशी दबतो. शिवाय उंच माणूस सतत खाली बघत बोलला तर पापण्या झुकतात आणि डोळे मिटल्यासारखे दिसतात. म्हणून बुटक्या नटाला ॲपल बॉक्सवर उभं करतात. हा लाकडी खोका पूर्ण आकाराचा असेल तर ८ इंच उंच असतो. त्यावर चालता येत नाही. चालायचं असेल तर सलग फळ्यांची वाट बांधावी लागते किंवा कॅमेरा मागे न्यावा लागतो. सगळ्यात सोपा उपाय म्हणजे बसवणं. १९८०च्या 'एअरप्लेन!'मध्ये करीम सहवैमानिकाच्या खुर्चीत आहे, तिथे उंचीचा प्रश्नच येत नाही.

'सुट्टीतला टाइमपास.' एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगचा हंगाम ऑक्टोबरपासून, प्लेऑफ्स धरून, जूनपर्यंत चालतो. उरतो उन्हाळा, आणि सरावही तेव्हाच करायचा असतो. १९९५च्या उन्हाळ्यात 'स्पेस जॅम' करताना मायकेल जॉर्डनसाठी वॉर्नर ब्रदर्सने स्टुडिओच्या आवारातच कोर्ट उभारलं. दिवसा हिरव्या पडद्यासमोर, नसलेल्या कार्टून्सशी नजर जुळवत काम, मग कोर्टवर इतर व्यावसायिक खेळाडूंबरोबर सामने. पुढच्या हंगामात त्याच्या शिकागो बुल्सने ८२पैकी ७२ सामने जिंकले.