गोचीड की मावा?

भाड्याचं घर देताना मालकाने दोनच गोष्टी बजावल्या होत्या. भिंतीत खिळा ठोकायचा नाही आणि गालिच्यावर डाग पाडायचा नाही. गालिचा साबुदाण्याच्या खिरीच्या रंगाचा. त्यावर आम्ही ५ वर्षं पिठलं, गुलाल आणि लेकीचे वाढदिवस निभावून नेले. घात केला तो डिसेंबरात आणलेल्या ख्रिसमसच्या झाडाने.

झाड लेकीच्या हट्टाचं. वर्गात सगळ्यांकडे खरं झाड, आपल्याकडेच म्हणे प्लास्टिकचं. मग न्यू जर्सीतल्याच एका शेतावर जाऊन आम्ही ७ फुटी फ्रेझर फर निवडलं. शेतवाला म्हणाला, यंत्रावर घालून हलवून देतो, ५ डॉलर जास्तीचे. झाड हलवायचे पैसे! उभं बालपण लोकांच्या चिंचा फुकटात हलवण्यात गेलेल्या माणसाला हे पटणं शक्यच नव्हतं. मी बाणेदारपणे नको म्हटलं आणि झाड गाडीच्या टपावर सुतळीने आवळून घरी आणलं. दिवाळीच्या माळा उतरवायच्या राहिल्याच होत्या, त्या झाडाला गुंडाळल्या. शेंड्यावर चांदणीऐवजी छोटा आकाशकंदील. हिशेब चोख बसला होता.

पाचव्या रात्री झाडाखालून काहीतरी काळं चालत बाहेर आलं. तिळापेक्षा मोठं, पोट फुगीर, पाय कोळ्यासारखे लांब. चाल मात्र पेन्शनर फिरायला निघाल्यासारखी निवांत. वाकून बघितलं तर बुंध्याशी अंथरलेल्या कापडावर आणखी पंधरा-वीस जण जमलेले.

"टिक!" बायको किंचाळली.

हा शब्द न्यू जर्सीत कुणी हळू आवाजात म्हणत नाही. टिक म्हणजे गोचीड. इथल्या हरणांवरचा गोचीड माणसाला चावला की लाइम रोग होऊ शकतो. कनेटिकटमधल्या लाइम गावाचं नाव त्याला चिकटलंय. लेक सोफ्यावर चढली, तिच्या पाठोपाठ तिची आई चढली. सोफ्यावर तिसऱ्याला जागा नव्हती म्हणून मी शूर ठरलो. चप्पल काढली आणि हाणली.

किडा मेला. चप्पल उचलली तर गालिच्यावर जांभळट लाल टिकली. ओल्या फडक्याने पुसली, तिचा रुपया झाला.

आमच्याकडे रात्रीचे साडेनऊ म्हणजे मंगळवेढ्याला सकाळचे आठ. दाजींना व्हिडिओ कॉल लावला. ते मालदांडी ज्वारीच्या रानात उभे होते.

"पाव्हणं, रडताय कशापाई? पाय मोजा की आधी. आठ आसलं तर गोचीड, सा आसलं तर मावा."

काचेच्या वाटीखाली एकाला कोंडून मी पाय मोजले. सात. बायकोने मोजले. सात. घरात नवी प्रजाती सापडल्याचा आनंद मिनिटभर टिकला. मग लेकीने डोक्यावरचे दोन स्पर्शक दाखवले, त्यातला एक चपलेच्या धाकाने अंगाखाली दुमडलेला. म्हणजे आम्ही मिशीसुद्धा पायात धरली होती. पाय सहाच. पाठीमागे दोन बारीक काळे उंचवटेही दिसले. दाजी म्हणाले, "मावाच. पर लई थोराड हाय की हो. काय खाऊ घालताय?"

मावा म्हटल्यावर बायकोच्या डोळ्यापुढे पानटपरीवरची पुडी आली, ती वेगळीच भडकली. तिला समजावण्यात दहा मिनिटं गेली.

रात्री वाचत बसलो. शास्त्रीय नाव सिनारा. फर, पाइन, स्प्रूस अशा सूचिपर्णी झाडांचा रस पिणारा हा मावा ५ मिलिमीटरपर्यंत वाढतो, म्हणून राक्षसी. ज्वारीवर चिकटा पडतो ना, तसाच याचाही गोड चिकट स्राव. त्यावर मुंग्या आणि गांधीलमाश्या येतात, मग काळी बुरशी चढते. शरद ऋतूत माद्या सुयांसारख्या पानांवर अंडी घालतात. ती वसंतात फुटायची. आम्ही हीटर लावून डिसेंबरातच वसंत आणला होता! पुढचं वाचून तर मी लॅपटॉप मिटला. वसंतापासून यांच्याकडे नराची गरजच नसते, माद्या थेट पिल्लंच घालतात, आणि पोटातल्या लेकीच्या पोटात नात आधीच वाढत असते. तीन पिढ्या एका देहात, आणि आमच्याकडे पाहुणे आले की गादी पुरत नाही.

दिलासा एवढाच की तो माणसाला चावत नाही आणि झाडावरून उतरला की उपाशी, सुकून मरतो. म्हणजे रांगेने चालत येणारे ते हल्लेखोर नव्हते, वाट चुकलेले होते. मला चपलेची जरा लाज वाटली. जरा.

दाजींचा सल्ला ५ टक्के निंबोळी अर्काचा होता. रानात ठीक, दिवाणखान्यात फवारला असता तर झाड राहिलं असतं, आम्ही बाहेर पडलो असतो. कपाटात कीटकनाशकाचा डबा होता, पण त्यावर ज्वाळेचं चित्र, आणि झाडावर पेटलेल्या दिवाळीच्या माळा. शेवटी उपाय निघाला तो व्हॅक्यूम क्लिनरचा. चिरडायचं नाही, ओढून घ्यायचं, आणि पिशवी लगेच बाहेर टाकायची. आठ दिवस रोज रात्री जेवण झालं की मी पंप घेऊन निघालेल्या शेतकऱ्यासारखा नळी खांद्यावर टाकून झाडाभोवती फेऱ्या घालत होतो.

सोफा आता एक वीत डावीकडे असतो. कुणी विचारलं तर उजेडासाठी, असं सांगायचं ठरलंय.

यंदा त्याच शेतावर गेलो. झाड निवडलं, पिशवीतून पांढरा पंचा काढला, फांदीखाली धरला आणि दाजींनी शिकवल्याप्रमाणे फांदीला दोन टोले दिले. पंचावर तीन काळे ठिपके पडले आणि निवांत चालू लागले. लेक वाकून मोजायला लागली. रांगेतले लोक थांबून बघत होते. तिने मान वर करून सहा म्हणायच्या आत मी शेतवाल्याच्या हातावर ५ डॉलर ठेवले होते.