४ दिवसांचं दार १६ दिवस का चाललं: आमचं उत्तर

ताई, नमस्कार. तुमचा एक स्टारचा रिव्ह्यू वाचला. ४ दिवसांचं काम १६ दिवस चाललं, १८ हजारांचे साडेतेवीस झाले, गच्चीवरच्या कुरडयांवर धूळ बसली आणि नव्या दारावर भेग दिसतेय, असं तुम्ही लिहिलंय. धूळ आणि पैसा, दोन्हींत चूक आमची. दिवसांचं मात्र नीट सांगतो, कारण अमळनेरात असं दार रुंद करायला निघालेले बरेच जण हे वाचतील.

आजींची व्हीलचेअर जावी म्हणून अडीच फुटांचं दार साडेतीन फूट करायचं होतं. पाहणीला आलो तेव्हा गिलाव्यावर ठोकून बघितलं आणि वर सिमेंटचं लिंटल (दारावरची भिंत पेलणारी आडवी तुळई) असेल असं धरून ४ दिवस सांगितले. तिथेच चुकलो. हातभर गिलावा काढून बघायला हवा होता. पहिल्या दिवशी तो काढला तर आत लाकडी फळ्या, एका टोकाला वाळवीने पोखरलेल्या. स्क्रू ड्रायव्हर लावला तर मुठीपर्यंत आत गेला. फोटो तुमच्या भावाला लगेच दाखवले होते. भिंत १४ इंची, जुडाई मातीतली, आणि वरच्या खोलीची भिंत बरोबर त्याच फळ्यांवर उभी.

शेजारच्यांचं दार एका दिवसात झालं म्हणता, ते खरं. त्यांचं घर कॉलम-बीमचं आहे, तिथे भिंत फक्त मधला पडदा. तुमच्याकडे भिंतच घर उचलून धरते. म्हणून वरच्या भिंतीतून आडवे लोखंडी तुकडे आरपार घालून दोन्ही बाजूंना जॅक लावले. ‘अर्धं घर टेकूवर ठेवलं’ असं तुम्ही लिहिलंय, ते हेच.

लिंटल दोन्ही बाजूंनी किमान ६ इंच तरी भिंतीवर बसावं लागतं. मातीची जुडाई म्हणून आम्ही ९ इंच धरले, म्हणजे ५ फूट लांबी. ७ इंच रुंदीचे दोन तुकडे तुमच्याच अंगणात ओतले. पोझोलाना (राख मिसळलेल्या) सिमेंटला किमान १० दिवस पाणी लागतं, त्यात आपलं वैशाखातलं ऊन. ‘दहा दिवस कोणी फिरकलं नाही’ म्हणता ते हेच दिवस. गोणपाटावर पाणी आजीच मारून घ्यायच्या, आणि मी डोकावलो की ‘बठ रे भाऊ’ म्हणून चहा पुढे करायच्या.

मग बाहेरच्या अंगाच्या फळ्या काढून तिथे एक तुकडा बसवला आणि त्याच्या वरच्या फटीत घट्ट मसाला न् दगडाच्या कपच्या ठोकून ठोकून भरल्या. ही फट पोकळ राहिली की टेकू काढताच वरची भिंत बसते. दुसऱ्या दिवशी आतला तुकडा. विटा कापल्या त्यानंतर. बरेच मिस्तरी आधी विटा पाडतात आणि मग लिंटलचं बघतात. मी तसं करणार नाही, भले आणखी एक स्टार कापा. (उरलाच कुठे आहे म्हणा.) आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) माणसं दोन दिवस गावी गेली, ते मात्र आधी सांगायला हवं होतं.

भेगेचं बोलू. तुम्ही टाकलेल्या फोटोत ती सरळ उभी, केसासारखी आणि जुन्या-नव्या गिलाव्याच्या सांध्यावर आहे. लिंटल दबलं असतं तर भेग दाराच्या कोपऱ्यातून पायऱ्या-पायऱ्यांनी तिरकी चढली असती. त्या सांध्यावर जाळी मारायची आमच्या माणसाकडून राहिली. ती पट्टी फोडून, जाळी मारून परत गिलावा करून देऊ, पैसे नाहीत. तोवर भेगेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलची खूण करून तारीख टाका. खुणेपुढे गेली तर लगेच फोन करा, मी स्वतः येतो.

वाढीव साडेपाच हजार बहुतेक लिंटल, सळई आणि जॅकच्या भाड्याचे. भावाने तोंडी हो म्हटलं होतं, पण तुम्हाला लेखी पाठवायला हवं होतं. त्यातले १,२०० मलबा उचलायचे लावलेत, ते मूळ रकमेतच होते. ते आज परत पाठवतो.

कुरडयांबद्दल खरंच वाईट वाटलं. कापताना प्लास्टिक फक्त आतून बांधलं, जिन्याकडचं तोंड उघडं राहिलं. आता वाळवण आटोपलं की कळवा, त्याआधी गिलाव्याला हात लावत नाही.