पोटगीचा दावा लागला म्हणून पासपोर्ट ब्लॉक होत नाही

जळगाव-धुळ्याकडच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय: "बायकोने पोटगीचा दावा टाकला की नवऱ्याचा पासपोर्ट त्याच दिवशी ब्लॉक. एअरपोर्टवर धरतात. समन्स येण्याआधी दुबई गाठा, तिकडे गेलं की केस आपोआप पडते." यातलं एकही वाक्य धड नाही, आणि शेवटचं तर सरळ खड्ड्यात घालणारं.

आधी पासपोर्ट. पोटगीचा अर्ज (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १२५, १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेचं १४४) ही फौजदारी फिर्याद नव्हे. त्यात नवरा आरोपी नसतो, सामनेवाला असतो. पासपोर्ट जप्तीचा अधिकार १९६७ च्या पासपोर्ट कायद्याने पासपोर्ट अधिकाऱ्याला दिलाय. न्यायालयालाही तो परस्पर अडकवून ठेवता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सुरेश नंदा प्रकरणात सांगितलं. नुसता अर्ज दाखल झाल्याने काहीच ब्लॉक होत नाही.

एअरपोर्टवर धरतात? धरतात, पण ज्याच्या नावे लुकआउट सर्क्युलर (विमानतळावर अडवण्याची सूचना) आहे त्याला, आणि ते मुख्यतः दखलपात्र गुन्ह्यात, म्हणजे पोलिसांना वॉरंटशिवाय अटक करता येते अशा गुन्ह्यात, निघतं. गोंधळ इथेच होतो. पोटगीच्या जोडीला बऱ्याचदा छळाची फिर्यादही असते (जुनं ४९८अ, आता न्याय संहितेचं ८५). तिच्या जामिनात 'परवानगीशिवाय देश सोडू नये' ही अट असली, तर ती पाळावीच लागते. पोरगा अडतो त्या केसमुळे, गावभर बोभाटा मात्र 'पोटगीत अडकला' असा.

आता 'केस आपोआप पडते'. मुद्दाम समन्स चुकवणाऱ्याविरुद्ध एकतर्फी हुकूम होतो. पोटगी मोजायची ती अर्जाच्या तारखेपासून, हे २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालाने पक्कं केलंय. समजा महिना ८,००० ठरले आणि हुकूम व्हायला दोन वर्षं लागली, तर पहिल्याच दिवशी बाकी १,९२,०००. ही वसुली दंडासारखी होते: जंगम मालाची जप्ती, नाहीतर जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे. म्हणजे साहेब दुबईत, आणि इकडे रावेरच्या शिवारात त्यांच्या नावावर असलेल्या केळीच्या बागेपर्यंत महसूल खातं पोचलेलं. घरच्यांनी काय तोंड द्यायचं? तरीही पैसे आले नाहीत तर दर महिन्याच्या थकबाकीपोटी एक महिन्यापर्यंत कैद. आणि समन्स किंवा वॉरंट निघाल्याचं पासपोर्ट अधिकाऱ्याच्या निदर्शनास आणलं, तर पासपोर्ट कायद्याच्या कलम १०(३) खाली तो पासपोर्ट जप्त करू शकतो. मेसेज ज्याची भीती घालतो ते पळाल्यानेच ओढवतं!

परदेशी कामावर परत जायचंच असेल तर वकील लावा, तारखेला हजेरीची सोय करा, अंतरिम पोटगी भरत राहा. कोर्टाने जाण्याला मनाई केली असेल तर अर्ज देऊन परवानगी मागा.

हा मेसेज बायकांनाही फसवतो. 'पासपोर्ट ब्लॉक झालाय, जाईल कुठे' म्हणून वसुलीचा अर्ज राहून जातो. रक्कम देय झाल्यापासून एका वर्षात अर्ज नसेल, तर कलम १४४ खाली त्या रकमेसाठी वॉरंट निघत नाही. आणि पोटगीचा दिवाणी दावा असून नवरा देश सोडायच्या बेतात असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३८ खाली त्याच्याकडून तारण मागता येतं. त्यासाठी तो विमानात बसण्याआधी कोर्टात जावं लागतं.