ती क्लिप शरणागतीची नाही

मुक्तिसंग्राम दिन जवळ आला की आमच्या परभणीच्या ग्रुपवर एका माहितीपटातली क्लिप हमखास फिरते: निजाम हात जोडून सरदार पटेलांसमोर उभा. खाली ओळ, ‘१७ सप्टेंबर १९४८, शरणागतीचा क्षण’. तसं नाही. हे दृश्य बेगमपेठ विमानतळावरचं, फेब्रुवारी १९४९ मधलं. पटेल तेव्हा हैदराबादच्या दौऱ्यावर आले होते. १७ सप्टेंबरला निजामानं युद्धबंदी जाहीर केली. दुसऱ्या दिवशी भारतीय सैन्याचे मेजर जनरल चौधरी यांच्यापुढं शरण आले ते निजामाचे सेनापती जनरल अल इद्रूस. माहितीपटात निवेदन सप्टेंबरचं, चित्र फेब्रुवारीचं. सांधा दिसतो कुणाला? श्रेयनामावलीत पटेलांचं नाव बघून ‘त्यांनी यात काम केलंय’ असंही एकानं ठोकून दिलं. अहो, ते १९५० मध्येच गेले. नावापुढं ‘संग्रहित चित्रण’ लिहिलंय, तेवढं वाचा.