दोन दुर्गा, एक हंसा आणि एक फॉरवर्ड

अंबाजोगाईच्या आमच्या निवृत्त शिक्षकांच्या ग्रुपवर दर दोन-चार महिन्यांनी एक मजकूर उगवतो. परवा तो आमच्या एका गुरुजींनी हात जोडलेल्या चित्रासह टाकला. त्याचा सारांश असा: दुर्गा खोटे ही सिनेमातली पहिली बाई, गरीब, अडाणी घरातली, प्रभात फिल्म कंपनीच्या पगारावर जन्म काढला, मधे मराठवाड्यातल्या कुण्या वाड्यात डांबलेली होती, आत्मचरित्रही दुसऱ्यानंच लिहिलं, शेवट हलाखीत झाला.

गुरुजी, यातलं काय ठेवायचं ते तुम्हीच सांगा.

पहिली बाई म्हणाल तर 1913 सालीच फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई, अशा मायलेकी पडद्यावर आल्या होत्या. दुर्गा नावावरून घोटाळा झाला असावा. त्याच वर्षीच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये मात्र तारामती झाले होते अण्णा साळुंके नावाचे पुरुष. पुढं 1932 मध्ये प्रभातनं हरिश्चंद्राचीच गोष्ट ‘अयोध्येचा राजा’ म्हणून बोलपटात आणली, तेव्हा तारामती झाल्या दुर्गा खोटे. म्हणजे मधे एकोणीस वर्षं गेली. आता हे फॉरवर्ड करायचं तर करा की!

अडाणी? लाड आडनावाच्या घरातली ही मुलगी मुंबईच्या कॅथेड्रल शाळेत शिकली, नंतर झेवियर्स कॉलेजात गेली. पैशाची नड होती, हे खरं. ऐन तारुण्यात वैधव्य, पदरात दोन लेकरं. पण नड असणं वेगळं आणि गरिबीत जन्मणं वेगळं, एवढा फरक मास्तर माणसानं करायला हवा. पहिलं काम ‘फरेबी जाल’मधलं, अगदी लहानसं. त्यावर टीकाच जास्त झाली. अशा सुरुवातीनंतर दुसरी बाई घरी बसली असती.

प्रभातच्या पगाराचं तर विचारूच नका. 1933 मध्ये त्या कलकत्त्याला न्यू थिएटर्सच्या ‘राजरानी मीरा’त होत्या, 1936 मध्ये पुन्हा प्रभातमध्ये ‘अमर ज्योती’त. नट-नट्या एकाच कंपनीला बांधलेल्या असायच्या त्या काळात ही बाई काम निवडून करत होती. पुढं स्वतः निर्मितीतही उतरली.

वाड्याची गोष्ट मात्र निव्वळ कुचाळकी नाही. ती दुसऱ्या एका नटीची, हंसा वाडकरांची आहे. त्या काही काळ आपल्या मराठवाड्यातल्या एका खेड्यात राहिल्या. ते दिवस त्यांनी ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनामध्ये काही न लपवता सांगितले. ते पुस्तक त्या बोलल्या आणि अरुण साधूंनी शब्दबद्ध केलं, हे उघडच आहे. सांगून लिहवलं म्हणून त्या बाईचं धाडस उणं होतं का? आमच्याकडं बायकांनी जात्यावर रचलेल्या ओव्या तरी कुठं त्यांनी स्वतः कागदावर उतरवल्या? दुर्गा खोट्यांचं आत्मचरित्र ‘मी दुर्गा खोटे’ हे निराळं पुस्तक. शांता गोखले यांनी त्याचा इंग्रजी अनुवादही केला. दोघींची पुस्तकं एकात कालवून भलतंच काहीतरी रांधलं आहे कुणीतरी.

आणि हलाखी? 1983 चा फाळके पुरस्कार ज्यांना मिळाला, त्या दुर्गा खोट्यांची? 1988 मध्ये आमच्या ओसरीवर टीव्हीसमोर बसून तुम्ही ‘वागळे की दुनिया’ पाहायचात, गुरुजी. एकही भाग चुकवला नाही तुम्ही. ती मालिका त्यांच्याच कंपनीची.