ट्रॉलीवरची पुस्तकं

दर शनिवारी सकाळी दोन तास मी इंग्लंडातल्या आमच्या गावच्या ग्रंथालयात फुकट काम करतो. परत आलेली पुस्तकं ट्रॉलीवरून उचलायची, पाठीवरचा आकडा बघायचा आणि जागेवर लावायची. मध्यंतरी एका शनिवारी चार पुस्तकं एकमेकांना टेकून उभी होती: घटस्फोटानंतर मुलांना कसं सांभाळावं, कुराणाचा इंग्रजी अनुवाद, घराचं कर्ज लवकर कसं फेडावं आणि देव नाहीच हे पटवून देणारा एक ठोकळा. चारही एकाच घरातून आली असतील, असं मनात आलं आणि हसू फुटलं. काय चाललं असेल त्या घरात!

त्याच संध्याकाळी मावसभावाचा फोन आला. तो सातारा जिल्ह्यातल्या एका गावात वाचनालयाच्या कार्यकारिणीवर आहे. "दादा, संतांवरच्या एका पुस्तकाची तक्रार आलीय. भावना दुखावल्या म्हणे. तूर्त कपाटात घालून कुलूप लावलंय." तक्रार करणाऱ्याने पुस्तक वाचलंय का, असं विचारलं तर म्हणाला, "पान बत्तीसचा फोटो ग्रुपवर फिरतोय ना, तेवढं वाचलंय." पुढे तीन आठवडे त्या ग्रुपवर धुमश्चक्री. एक बाजू म्हणते, वाचनालयात धर्माची चिकित्सा नको. दुसरी म्हणते, मग काय फक्त 'महिन्यात श्रीमंत व्हा' ठेवायची?

इथे बसून "तुमच्याकडे अजून हेच चालतं" असं म्हणणं सोपं आहे. मीही म्हणालो असतो. पण मी ज्या आकड्यांवरून पुस्तकं लावतो, ती ड्यूईची पद्धत १८७६ सालची. तिच्यात धर्माला २०० ते २९९ अशी जागा. त्यातली बहुतेक ऐसपैस जागा ख्रिस्ती धर्माची, आणि बाकी जगाचे देव २९० च्या खोलीत दाटीवाटीने. कुणी तक्रार करत नाही, कारण कुणाचं लक्षच नाही. जे पुस्तक फार दिवस कुणी नेत नाही, त्यावर 'रद्द'चा शिक्का मारून ते दाराजवळच्या टेबलावर मातीमोल विकतात. ना बैठक, ना कुलूप, ना ग्रुप. पुस्तकावरून भांडणारं गाव मला त्यापेक्षा जिवंत वाटतं, हे मान्य करतो.

मग इथलं घेण्यासारखं काय? हिशेब. १९६४ च्या कायद्याने ग्रंथालय चालवणं हे स्थानिक कौन्सिलचं कर्तव्य ठरवलं. ती मेहरबानी नाही. १९७९ च्या कायद्याने लेखकाला वाचनालयातून नेलेल्या प्रत्येक प्रतीमागे काही पेन्स सरकारी तिजोरीतून मिळू लागले. वर्षाला जास्तीत जास्त ६,६०० पौंड. वाचकाच्या खिशाला चाट नाही. कोणतं पुस्तक किती वेळा नेलं गेलं याचा हा पैसा. पटलं की नाही याच्याशी संबंध नाही. ट्रॉलीवरच्या नास्तिकालाही तेच पेन्स आणि घटस्फोटवाल्या बाईंनाही तेच.

अर्थात हा हिशेब तोट्यातही जातो. २०१० नंतरच्या काटकसरीत ब्रिटनमध्ये शेकडो ग्रंथालयं बंद पडली किंवा स्वयंसेवकांच्या गळ्यात पडली. मी तिथे शनिवारी दिसतो त्याचं कारणही तेच: माझ्या जागी पूर्वी पगारी माणूस होता.

आपल्याकडे १९६७ चा महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय कायदा आहे, पण ग्रंथालयासाठी वेगळा कर त्यात नाही. तमिळनाडूत आहे, कर्नाटकात आहे. आपली वाचनालयं चालवतात गावच्या संस्था. सरकार अ, ब, क, ड असे वर्ग पाडून अनुदान देतं आणि उरलेलं सभासदांच्या वर्गणीवर. बाहेरचं बघून घरी काही आणायचं म्हटलं, तर सयाजीराव गायकवाडांनी ते केव्हाच करून दाखवलंय. १९१० मध्ये त्यांनी विल्यम बॉर्डन नावाच्या अमेरिकन ग्रंथपालाला बडोद्याला आणलं, मोफत वाचनालयं काढली, पेट्यांत घालून पुस्तकं खेड्यापाड्यांत पाठवली. याच महाराजांनी १९१३ मध्ये आंबेडकरांना शिष्यवृत्ती देऊन अमेरिकेला धाडलं. त्या विद्यार्थ्याने पुढे रुपयावर लिहिलं, जातीवर लिहिलं, बुद्धाच्या धम्मावर लिहिलं आणि हिंदू कुटुंबाच्या कायद्यासाठी मंत्रिपद सोडलं. ड्यूईच्या आकड्यांत या एका माणसाची पुस्तकं लावायची तर मला अख्खी खोली फिरावी लागेल.

म्हणून मावसभावाला मी पुस्तकाबद्दल काही सांगितलं नाही. एवढंच विचारलं, की तीन आठवडे भांडलेल्यांपैकी वर्गणी किती जणांची भरलेली आहे?

दोन दिवसांनी त्याचा निरोप आला. "दादा, रजिस्टर काढलं. तक्रारदाराची चार वर्षांची थकलीय. पुस्तकाच्या बाजूने बोलणाऱ्या मास्तरांची सहा." आणि खाली आणखी एक ओळ: "ग्रंथपालबाई विचारत होत्या, कपाटाच्या कुलपाचे पैसे कुठल्या खाती टाकायचे."