फोटोतली निळी इमारत: ताश्कंद अर्ध्या दिवसाच्या टूरच्या रिव्ह्यूला आमचं उत्तर

नमस्कार ताई,

तुमचा रिव्ह्यू मी तीनदा वाचला. पहिल्यांदा राग आला, खोटं कशाला बोलू. दुसऱ्यांदा वाचून ताश्कंदला आमच्या गाईडला फोन लावला. तिसऱ्यांदा वाचताना आमचंच पत्रक शेजारी उघडून ठेवलं, आणि मग राग जागच्या जागी बसला. उत्तराला उशीर झाला, त्याबद्दल माफी. मे-जूनमध्ये आमच्या ऑफिसात मी आणि माझा नवरा, दोघंच, आणि फोन चार.

इतर वाचणाऱ्यांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगते. तुम्ही, तुमचे यजमान आणि सासूबाई असे तिघं मे महिन्यात आमच्या ताश्कंदच्या सकाळी नऊ ते एकच्या टूरला होता. तुम्ही लिहिलंय की चार तासांत काय पाहिलं, तर एक फुटका दगड, एक पुतळा, एक मंडई आणि भुयारातली लोकल. जाहिरातीतली वाघाचं चित्र असलेली निळी इमारत शेवटपर्यंत आलीच नाही. सुक्यामेव्याच्या दुकानात मात्र पाऊण तास. सासूबाईंना जिने चढवले. आणि शाकाहारी सांगूनही ताटात मटण. दोन स्टार, त्यातला एक बसच्या एसीला.

निळ्या इमारतीपासून सुरुवात करते, कारण तिथे आमच्याकडे बोलायला तोंडच नाही. ती इमारत ताश्कंदमध्ये नाहीच. दारावर वाघ आणि वाघाच्या पाठीमागून डोकावणारा माणसाच्या चेहऱ्याचा सूर्य, हा समरकंदच्या रेगिस्तान चौकातला शेरदोर मदरसा, सतराव्या शतकातला. ताश्कंदहून समरकंद सुमारे 300 किलोमीटर. अफ्रोसियोब नावाची वेगवान रेल्वे आहे, तिलाही दोन तासांच्या वर लागतात. म्हणजे नऊ ते एकच्या टूरमध्ये ती दाखवायची तर आम्हाला विमानच काढावं लागेल. पत्रक करणाऱ्या मुलाने 'उझबेकिस्तान' म्हणून शोधल्यावर जो फोटो पहिला आला तो लावला, आणि मी मोबाईलवर बघून, म्हणजे खरं तर न बघताच, 'ओके' लिहून पाठवलं. मुंबई दर्शनच्या पत्रकावर वेरूळचं कैलास लेणं छापावं, तसं झालं हे. फोटो काढून टाकलाय. पण तुम्ही तिघांनी तो बघून पैसे भरले होते. तुमची यात काहीच चूक नाही.

मात्र 'फुटका दगड' या शब्दांवर मला थोडं थांबायचंय. तुम्ही विचारता ती निळी इमारत ताश्कंदमध्ये का नाही, याचं बरंचसं उत्तर त्याच दगडात आहे.

26 एप्रिल 1966. पहाटेची वेळ, गाव झोपलेलं. भूकंप आकड्याने फार मोठा नव्हता, पाचाच्या जरासा वर. पण त्याचा केंद्रबिंदू शहराच्या बरोबर पोटाखाली आणि अगदी कमी खोलीवर. जुन्या ताश्कंदची घरं कच्च्या विटांची, मातीने लिंपलेली. ती बसली. सुमारे तीन लाख माणसं एका सकाळी बेघर झाली. किल्लारीची 1993 मधली ती पहाट ज्यांना आठवते त्यांना मातीचं घर झोपेत अंगावर येणं म्हणजे काय, हे मी सांगायला नको. किल्लारीत माणसं गेली, ताश्कंदमध्ये त्या मानाने फारच थोडी दगावली, पण गाव गेलं. मग सोव्हिएत संघाच्या सगळ्या भागांतून बांधकामवाले आले आणि रुंद रस्ते, मोठ्या बागा, चौकोनी इमारती असं नवं शहर उभं राहिलं. भूकंपाने पाडलं त्याहून जास्त नंतर नकाशावाल्यांनी पाडलं, असं म्हणणारे जुने लोकही तिथे भेटतात. जुनं अगदीच काही उरलं नाही असं नाही. चोरसू बाजाराजवळचा कुकल्दाश मदरसा सोळाव्या शतकातला आहे, हजरत इमाम संकुलातला बराक खान मदरसाही. पण समरकंदसारखं डोळे दिपवणारं ताश्कंदमध्ये शोधू नये. हे मी पैसे घेण्याआधी सांगायला हवं होतं, ते आता रिव्ह्यूच्या उत्तरात सांगतेय.

तो दगड म्हणजे काळ्या दगडाचा ठोकळा. एका बाजूवर तारीख, दुसऱ्या बाजूवर घड्याळ, भूकंपाच्या वेळेवर थांबलेलं. ठोकळ्याला मधोमध भेग. ती भेग तिथेच संपत नाही. खालच्या फरशीतून वाकडीतिकडी पुढे येते आणि समोरच्या पुतळ्यांच्या पायाशी पोचते. एक पुरुष हात पुढे करून उभा आहे, त्याच्या आड एक बाई आणि तिच्या कुशीत मूल. आमची गाईड मुद्दाम सगळ्यांना त्या भेगेवरून चालत नेते. तुमच्या ग्रुपला बसमधूनच दाखवलं, असं तिने फोनवर कबूल केलं. त्या दिवशी कुणा पाहुण्यांच्या ताफ्यासाठी पोलिसांनी रस्ता अडवला होता, वीस मिनिटं तिथे गेली, आणि तिने वेळ इथून कापला. बसच्या काचेतून तो फुटका दगडच दिसणार. तुमचं चुकलं नाही.

आता ताटातलं मटण. हा किस्सा मला तुमच्या रिव्ह्यूतून अर्धा आणि गाईडकडून अर्धा कळला. चोरसूच्या खाण्याच्या रांगेत तुमच्या यजमानांनी मोठ्या कढईवाल्याला विचारलं, "सब्जी?" तो खूश होऊन म्हणाला, "सब्जी, सब्जी!" आणि डाव घालून पिवळे काप वर काढून दाखवले. यजमानांनी प्लेट घेतली, दोन घास खाल्ले, तिसऱ्या घासाला भाताखालून तुकडा निघाला. तो माणूस खोटं बोलला नव्हता. उझबेक भाषेत 'सब्जी' म्हणजे गाजर. पुलावात, तिकडे 'ओश' म्हणतात त्यात, पिवळं गाजर भरपूर असतं, आणि गाजराबरोबर मटण किंवा बीफ असतंच. वर शेपटीची चरबीही. शाकाहारी माणसासाठी याहून वाईट शब्द त्या बाजारात दुसरा नसेल, आणि आम्ही तो तुम्हाला आधी सांगितला नाही. गाईड तेव्हा सासूबाईंना घेऊन स्वच्छतागृहाकडे गेली होती. तिला दोष देत नाही. हे बसमध्ये, चोरसू यायच्या आधी सांगायचं असतं.

पुढे जाणाऱ्यांनी एवढं पाठ करावं: 'गोश्तसिझ', म्हणजे मांस नसलेलं. आपल्याला अर्धा शब्द आधीच येतो. भोपळ्याचा सोमसा मिळतो आणि चांगला असतो, पण सारणात चरबी घातलेली असू शकते, तेव्हा तेही विचारावं. निर्धास्त खावं ते तंदूरमधून नुकतं काढलेलं नान, वर ठशाने नक्षी उठवलेलं, आणि सोबत टोमॅटो-कांद्याची पातळ चिरलेली कोशिंबीर. मला तर त्याच्यावर दिवस काढता येईल. जैन मंडळींसाठी आम्ही आता डबाच देतो, बाजारावर भरवसा ठेवत नाही.

सुक्यामेव्याचं दुकान. त्याबद्दल तुम्ही सभ्यपणे 'कमिशन असावं' असं लिहिलंय. असावं नाही, होतं. गाडीमागे ठरावीक रक्कम मिळायची. या धंद्यात बहुतेक जण घेतात आणि बहुतेक जण नाही म्हणतात. गंमत अशी, की त्याच सकाळी तुम्ही चोरसूच्या त्या मोठ्या निळ्या घुमटाखाली होता. खालच्या मजल्यावर मांस आणि दूधदुभतं, म्हणून तुम्ही नाक दाबून बाहेर आलात असं गाईड म्हणते, पण वरच्या गोल गॅलरीत बदाम, जर्दाळू, बेदाणे, राखेत भाजलेल्या जर्दाळूच्या बिया, आणि नव्वोत, म्हणजे आपल्या खडीसाखरेची थोरली बहीण, हे सगळं मिळतं. घासाघीस करता येते, चाखूनही बघता येतं. तिथे दहा मिनिटं जास्त दिली असती तर दुकानाची गरजच नव्हती. ते दुकान जूनपासून बंद केलंय. आमच्या टूरमधून, दुकान चालू आहे.

मेट्रोतल्या जिन्यांबद्दल माफी. गुडघ्यांचा त्रास आधी विचारायला हवा होता. यापुढे बुकिंगच्या वेळीच विचारू, आणि ज्यांना जिने नकोत त्यांच्यासाठी बस वरच थांबेल. पण 'लोकल' मात्र म्हणू नका हो. 1977 मध्ये सुरू झालेली ही मध्य आशियातली पहिली मेट्रो. भूकंपानंतर बांधलेली, म्हणून तो धक्का मनात धरूनच. 2018 पर्यंत आत फोटो काढायलाही बंदी होती. कोस्मोनावत्लार स्टेशनवर निळ्या भिंतीवर अंतराळवीर गागारिन, तेरेश्कोवा आणि त्यांच्याच पंक्तीला पंधराव्या शतकातला तारे मोजणारा सुलतान उलुगबेग. तुमच्या यजमानांनी तिथे बावीस फोटो काढले, असं ऐकते.

राहिला पुतळा. तुम्ही लिहिलंय, 'शास्त्रीजींचा अर्धपुतळा, पाच मिनिटांत उरकला, त्यासाठी बस एवढी वळवायची गरज काय.' ग्रुपमधल्या एकाने तर फोनवर मला सांगितलं की तो स्टॉप काढा. तो काढणार नाही. 10 जानेवारी 1966 ला ताश्कंदमध्ये भारत-पाकिस्तान करारावर सह्या झाल्या, आणि त्याच रात्री, मध्यरात्र उलटून 11 तारीख लागल्यावर, शास्त्रीजी तिथेच गेले. त्या वाटाघाटींना संरक्षणमंत्री म्हणून आपले यशवंतराव चव्हाणही त्यांच्याबरोबर होते. साडेतीन महिन्यांनी त्याच शहराखाली जमीन हलली. आज तिथे शास्त्रीजींच्या नावाचा रस्ता आहे, 24 नंबरची शाळा आहे, आणि त्या शाळेत उझबेक मुलं हिंदी शिकतात. तुमची गाईड तिथलीच. म्हणून ती 'प्रस्थान करेंगे' आणि 'कृपया विलंब न करें' असं बोलते आणि आपण डोंबिवलीकर हसतो. तिचं हिंदी पुस्तकी आहे, मान्य. माझं तर त्याहून वाईट आहे.

पण फोनवर ती आणखी एक गोष्ट बोलली, ती तुमच्या रिव्ह्यूत नाही. बाकी सगळे सेल्फी काढून बसमध्ये बसले तरी सासूबाई पुतळ्यासमोरून हलेनात. त्यांनी तिला सांगितलं, त्यांच्या लहानपणी घरात सोमवारी संध्याकाळी चूल पेटायची नाही, शास्त्रीजींनी सांगितलं होतं म्हणून. धान्याची टंचाई होती तेव्हाची गोष्ट. शेजारची पोरं रडायची, आई पाणी द्यायची. गाईडला 'सोमवार' कळला, 'चूल' कळली नाही, ती विचारत होती तेवढ्यात ड्रायव्हरने हॉर्न वाजवला. आणि तिने सासूबाईंचा हात धरून त्यांना बसमध्ये आणलं, कारण पुढे दुकानात वेळेत पोचायचं होतं.

पुतळ्याला पाच मिनिटं आणि काजूला पंचेचाळीस. हे माझ्या वेळापत्रकात माझ्याच हाताने लिहिलेलं होतं. तुम्ही दोन स्टार दिलेत, मी असते तर या एका ओळीसाठी एकच दिला असता, एसी असो वा नसो.

नवं वेळापत्रक असं: दुकान गेलं. भूकंपाच्या स्मारकाला उतरून वीस मिनिटं, रस्ता अडला तरी. पुतळ्यापाशी ज्याला जेवढा वेळ लागेल तेवढा, फक्त एकच्या आत हॉटेलवर पोचू एवढं बघून. अमीर तैमूर चौक आणि उघड्या पुस्तकासारखं ते मोठं हॉटेल बसमधून दाखवू, तिथे उतरून उन्हात उभं राहण्यात अर्थ नाही. आणि पत्रकावर आता मेट्रोच्या घुमटांचा फोटो आहे. तो आमच्याच एका प्रवाशाने काढलाय आणि तो ताश्कंदचाच आहे, मी यावेळी लॅपटॉपवर मोठा करून बघितला.

पैशांचं. पूर्ण टूरचे परत करत नाही, कारण बस, गाईड, तिकिटं हे सगळं तुम्हाला मिळालं. पण खोट्या फोटोसाठी तिघांचे निम्मे पैसे परत करतोय. ज्या नंबरवरून बुकिंग केलं होतं त्याच नंबरवर पाठवते, दोन दिवसांत आले नाहीत तर ऑफिसला व्हॉट्सॲप करा, फोन करू नका, फोन लागत नाही. रिव्ह्यू बदला असं म्हणणार नाही. तो तसाच राहू दे.

एक राहिलं. सासूबाईंनी निघताना गाईडच्या हातात मेतकुटाची पुडी ठेवली होती. ते कशाबरोबर खायचं ते सांगायचं राहून गेलं. ती ते गरम नानवर लोणी लावून वरून भुरभुरवते आणि आवडतंय म्हणते. मी मऊभाताचं सांगितलं, पण सासूबाईंनी स्वतः सांगितलेलं तिला जास्त आवडेल. त्यांची परवानगी असेल तर तिचा नंबर पाठवते.